जोड

पोस्टरवर त्याचं नाव नव्हतं.
‘आफ्रिकेचा काळा वाघ’ एवढंच, लाल शाईत,
वर मराठीत, खाली कन्नडात.
माझं मात्र गावासकट, तालमीसकट,
वस्ताद भरमाण्णांचा पठ्ठा म्हणून.
तिकीट दीड रुपया.

आफ्रिका म्हणजे लोंढ्याच्या पलीकडली वाडी.
सकाळच्या पॅसेंजरनं खानापुरात उतरला,
काखेत लंगोट, फडक्यात नाचणीची भाकरी.
खोलीत कपडे काढता काढता म्हणाला,
“मी बस्त्याव. प्यायला पाणी कुठं मिळंल गा?”
माझा चुलता म्हणतो तसंच, गा.
मी हंड्याकडं बघितलं, मग दाराकडं.
“भाईर नळ हाय,” म्हणालो.
हंडा काठोकाठ भरलेला होता.
हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

त्या साली भागातल्या सगळ्या भिंती भांडत होत्या.
जिल्हा कुणाचा, पाटी कुणाची,
रात्री डांबर फासायचं, सकाळी रॉकेलनं पुसायचं.
मैदानातसुद्धा निम्मे इकडचे, निम्मे तिकडचे,
मधे पोलिसांची दोरी.
तो मातीत उतरला
आणि दोरीच्या दोन्ही अंगांनी एकदम
माकडाचा आवाज निघाला.
एवढी एकी मी आधी बघितली नव्हती.
नंतरही नाही.

निंगाप्पा मास्तर भोंग्यावर ओरडत होते,
सातासमुद्रापल्याडनं आलेला, कच्चं मांस खाणारा!
बस्त्याव ऐकत उभा होता.
त्याला सगळं कळत होतं,
दोन्ही भाषांत.

वस्ताद माझ्या कानाशी लागले.
“लांबनं खेळ. अंगाला अंग लावू नको.”
आता कुस्ती लांबनं कशी खेळायची
हे त्यांनी कधी शिकवलं नव्हतं.

सलामीची माती त्यानं माझ्या खांद्यावर टाकली,
मी त्याच्या.
हलगी कडाडली, आणि मग काय लांब, काय जवळ.
त्याचा घाम माझ्या डोळ्यांत उतरला, झोंबला,
माझाच झोंबतो तसा.
मानेवर हात टाकला तर हाताला घट्टा लागला,
जंगलातनं लाकडं वाहिलेला.
चौदा मिनिटं.
मधेच त्याचा श्वास कानात,
“पाय काढून घे गा, मोडंल.”
मी काढला.
तेवढ्यात त्यानं पोकळ घिस्सा ओढला.

पाठ टेकली. वर नुसतं आभाळ.
हलगी थांबली होती.
वाजवणाऱ्यालाच उमगेना, कुणासाठी वाजवू.
फेटा वस्तादांनी काठीच्या टोकावरनं पुढं केला.
इनाम ठरलं होतं दीडशे, हातावर पडले साठ.
आफ्रिकेहून आणायचा खर्च
कापून घेतला म्हणे.
त्यानं नोटा मोजल्या नाहीत.
पॅसेंजर चुकेल म्हणून पळत गेला,
फेटा तसाच, अर्धा बांधलेला.

रात्री हुकूम सुटला, माती बदला.
वर्षभर ताक, हळद, लिंबू, तेल प्यालेली माती.
मीच काढली ती. खोऱ्यानं. एकट्यानं.
बुट्टी बुट्टी वाहून
परड्यातल्या पपईच्या बुडात ओतली.
त्या साली पपया अशा लागल्या
की झाडाला टेकू द्यावा लागला.
वस्तादांनी रोज एक खाल्ली.
“साखर हाय रे,” म्हणायचे.
मी मान डोलवायचो.

परवा नातवाचा हात धरून बेळगावच्या मैदानावर गेलो.
पोरी पाच हजार मीटर पळत होत्या.
सगळ्यात पुढं एक, दाट कुरळे केस,
पायात दुसऱ्या कुणाचे तरी बूट, मागनं सैल.
शेजारचा म्हणाला, “ही बाहेरची दिसते.”
“लोंढ्याच्या पलीकडली असंल,” मी म्हणालो.
“ते हो. पण मूळची?”

गुडघा गेलाय माझा, उठायला वेळ लागतो.
नातवाच्या गळ्यातली पाण्याची बाटली काढून घेतली.
चुन्याच्या रेघेपाशी जाऊन थांबलो.
तिच्या अजून दोन फेऱ्या होत्या.